कुंपणावरून आलेली हाक

माझ्या साडूइतका स्वस्थ बसणारा माणूस अख्ख्या सिडनीत सापडणार नाही. तो खोलीत आहे हे आपल्याला उशिरा कळतं, आणि कळलं की उगाच मानेवर शिरशिरी येते. एरवी तो वेस्टमीडच्या लॅबमध्ये रक्त तपासतो. पण सगळी रजा साठवून आफ्रिकेत जातो आणि जीपमध्ये बसून चित्त्यांचं शूटिंग करतो. ती सवय घरीही सुटत नाही. बार्बेक्यूला हा वाऱ्याची दिशा बघून खुर्ची मांडणार. आमच्या धाकटीच्या बाप्तिस्म्याला कॅमेरा दिला, तर ह्या गृहस्थानं नुसते बाळाचे कान टिपले. "मूड कानांवरून कळतो," म्हणाला. त्याच्या कामाचा नियम एकच: काहीही होवो, मधे पडायचं नाही. शेजारच्या कुत्र्यानं ग्रिलवरची कोंबडी पळवली तेव्हाही हा कौतुकानं बघत राहिला. "नॅचरल आहे, मेट."

गेल्या खेपेहून मात्र तो वेगळाच परतला. ज्या मादीचं तो शूटिंग करत होता, तिची पिल्लं सिंहांनी आणि तरसांनी एकेक करून संपवली होती. उरलेलं एक उंच गवतात हरवलं, आणि ती दुपारभर त्याला हाका मारत फिरली. चित्ता डरकाळी फोडत नाही, पक्ष्यासारखा चिवचिवतो. अंधाराआधी जीप परत न्यावी लागते, म्हणून हा निघाला. दुसऱ्या दिवशी दोघांचाही पत्ता नव्हता. घरी आल्यावर तो खिडकी उघडी टाकून शूटिंगमधली तीच हाक टीव्हीवर पुन्हा पुन्हा लावत बसे. पिल्लाचं उत्तर ऐकू येत नसे. "पिल्लू आधीच गेलं असणार," असं म्हणून तो स्वतःची समजूत घालायचा.

एका रविवारी चर्चमधल्या मिस्सेहून येऊन आम्ही त्याच्या बॅकयार्डमध्ये चहा घेत होतो. टीव्ही बंद होता, आणि तीच हाक आली. कुंपणावर मॅगपाय बसला होता; हे पक्षी ऐकलेले आवाज उचलतात. हाक मारून तो थांबला, मान वाकडी केली, आणि अगदी बारीक आवाजात दुसरंच काही चिवचिवला.

"अरे, हे कुठून शिकला हा?" मेव्हणीनं नवऱ्याला विचारलं.

साडू आत गेला आणि आवाज पूर्ण चढवून त्यानं ते रेकॉर्डिंग पुन्हा ऐकलं. अगदी शेवटी, त्यानं जीप सुरू केल्यावर, इंजिनच्या घरघरीखाली तेच बारीक चिवचिवणं होतं.

"पिल्लू चाकापाशीच होतं रे," तो मला म्हणाला. "तिला ऐकू गेलं नसेल."

मेव्हणी पक्ष्याला हुसकायला उठली, तेव्हा आयुष्यात पहिल्यांदा तो मधे पडला. "राहू दे त्याला."

आता रोज आर्व्होला, म्हणजे दुपार कलली की, तो कुंपणाशी खुर्ची टाकून बसतो. त्याला तसं बघून माझा जीव तुटतो. पक्षी आईची हाक देतो आणि थांबतो. मग पक्ष्याच्या आधी, बारीक आवाजात, माझा साडू उत्तर देतो.