कुशाबाईच्या नावावरची मेंढरं

पळसदेवच्या कुशाबाईच्या दारात पोलीस जबाब घ्यायला आले, तेव्हा तिला पहिल्यांदा कळलं, की सरकारनं तिला दहा मेंढ्या दिल्यात.

सासऱ्यांच्या वेळी घरात मोठा कळप होता. धरणाच्या पाण्याखाली चराईची रानं गेली, कळप विकला आणि उरलेल्या तुकड्यात ऊस लावला. अशा घरांनी पुन्हा मेंढरं पाळावीत म्हणून योजना निघाली. ती राबवणारा जनावरांच्या खात्यातला हिंदुराव गलांडे. त्यानं आसपासच्या गावांतल्या बायकांची नावं कागदावर घातली आणि मेंढ्यांचे पैसे उचलले. त्याची बदली झाली, तपासणी आली आणि सगळं उघडं पडलं. खटला इंदापूरच्या कोर्टात उभा राहिला.

लासुर्ण्याला दिलेली कुशाबाईची धाकटी बहीण सारजा, तीही साक्षीदार. तिच्या आणि बाकीच्या बायकांच्या नावापुढचे अंगठे त्यांचे नव्हतेच, असा तज्ज्ञाचा अहवाल होता. कुशाबाईच्या नावापुढचा मात्र फराटलेला. त्यावर तज्ज्ञालाही काही सांगता आलं नव्हतं.

साक्षीच्या दिवशी सरकारी वकिलांनी तिला व्हरांड्यात गाठलं. "आजी, अंगठा कुणाचा ते आता फक्त तुम्हीच सांगू शकता. आठवत नसेल, तर आठवत नाही म्हणा."

पण तिला आठवत होतं. गलांडे मोटारसायकलवरून आला होता, घोटभर चहा प्याला होता, लस टोचायची यादी करतोय म्हणाला होता. तिनं अंगठा उठवला होता.

दुधाच्या टेम्पोवर ड्रायव्हर असलेला तिचा लेक मानसिंग सोबत होता. तो दबक्या आवाजात म्हणाला, "आये, न्हाय म्हन. माजा न्हाय म्हन. त्यानं खाल्लंय ही खरंच हाय की."

"खाल्लंय व्हय. पर अंगठा माजाच हाय."

"मग काय त्याला सोडवतीस?"

तेवढ्यात तिच्या नावाचा पुकारा झाला. पिंजऱ्यात तिनं शपथ घेतली. मेंढरं मिळाली न्हाईत, एकबी न्हाय, असं तिनं ठणकावून सांगितलं. मग आरोपीचा वकील उठला आणि त्यानं कागद पुढं धरला. "हा अंगठा तुमचा?"

मानसिंग बाकावर पुढं सरकून बसला होता. तिनं तिकडं बघायचं टाळलं.

"माजाच हाय. पर लसीसाठी म्हनून घेतला."

"मेंढ्याच नव्हत्या, मग लस कुणाला?"

मागं कुणीतरी हसलं. "आमची म्हस हुती तवा," ती म्हणाली. पण वकील तोवर खाली बसला होता.

परतीच्या एसटीत माय-लेक वेगवेगळ्या बाकांवर बसले.

निकाल लागला. गलांडेला शिक्षा झाली. सारजाची आणि इतर बायकांची रक्कम त्यानं हडपल्याचं शाबीत झालं. कुशाबाईच्या रकमेपुरता त्याला संशयाचा फायदा मिळाला. साक्षीदारानं स्वतःच अंगठा कबूल केला होता. गावानं त्याचा आपल्यापुरता अर्थ लावला. पाणवठ्यावर बायका विचारू लागल्या, "कुशाबाई, मेंढरं कुटल्या बाजारात इकली वो?" पहिल्यांदा ती भांडली. नंतर पाण्याला उन्हं चढल्यावर जाऊ लागली.

पुढल्या वर्षी योजना पुन्हा निघाली. नवा साहेब यादी बघून म्हणाला, "तुम्हाला लाभ मिळालाय, आजी. दोनदा देता येत नाही."

"कोर्टात सांगितलं की मी, न्हाय मिळाला म्हनून."

"कोर्टात सिद्ध झालं नाही ना."

मानसिंगनं घरी आल्यावर ताट बाजूला सारलं. "खरं बोललीस. आता बस."

लासुर्ण्याला सारजाच्या दारात मेंढ्या आल्या, तेव्हा कुशाबाई बघायला गेली. एक मेंढी लंगडत होती. तिनं मेंढी मांडीला दाबून धरली, खूर चाचपला आणि आतला बाभळीचा काटा नखानं ओढून काढला.

सारजा बाजूला उभी होती. "आक्का, ह्यातली एक घिऊन जा."

"नगं," कुशाबाई म्हणाली. "गाव म्हनंल, दडवल्याली भाईर काढली."