नऊ नोव्हेंबरचं उघडं दार

समोरच्या जर्मन बाई वर्षातून एकच संध्याकाळ दार सताड उघडं ठेवायच्या. एरवी कचऱ्याची पिशवीसुद्धा दोनदा बांधणाऱ्या. पण नऊ नोव्हेंबरला दारात खुर्ची टाकून बसायच्या आणि एसीची गार हवा आखातातल्या ओल्ड एअरपोर्ट वस्तीतल्या आमच्या जिन्यावर खुशाल उधळायच्या.

मी रत्नागिरीची, कडी लावून पुन्हा ओढून बघणारी. पहिल्या वर्षी विचारलं, "आज तुमची बर्लिनची भिंत पडली ना? मग मिठाई कुठाय?"

"पडली, खरंय," त्या म्हणाल्या. "पण त्याच्या कितीतरी आधी, याच तारखेला, आमच्या लोकांनी ज्यू शेजाऱ्यांची घरं-दुकानं फोडली. या दिवशी हसायचं की रडायचं, आम्हाला कळत नाही."

दाराबद्दल मात्र बोलल्या नाहीत. दोन दिवसांनी त्यांचा संत मार्टिनचा सण. त्यासाठी इमारतीतल्या पोरांकडून कागदी कंदील करून घ्यायच्या. माझी लेक माझ्या मराठीला इंग्रजीत उत्तर देते, पण बाईंची जर्मन गाणी तिला तोंडपाठ. मला हेवाच वाटे.

गेल्या वर्षी त्याच संध्याकाळी, मगरिबच्या नमाजानंतर, आमची बेल वाजली. दाराच्या भिंगातून पाहिलं. वरच्या घरातली कामवाली पोरगी, जिन्यात रोज माझ्याशी हिंदीत बोलणारी. अनवाणी, ओठ फुटलेला. "दीदी, दरवाजा खोलो!" वरून तिच्या मालकिणीचा आवाज खाली येत होता.

"दार उघडू नको गो," नवरा मागून कुजबुजला. "पळालेली कामवाली घरात घेतली तर आपला व्हिसा खलास."

कडीवरचा हात मी काढून घेतला. अल्लाची शपथ, इतकी घाबरले होते की श्वासही रोखून धरला, तिला ऐकू जाईल म्हणून.

बाईंनीच उठून तिला हाताला धरून आत घेतलं आणि दार लावलं. मालकीण ते धडाधडा ठोकत राहिली. मी आत उभी राहून भिंगातून बघत होते. सकाळी बाईंनी पोरीला स्वतःच्या गाडीतून तिच्या वकिलातीत पोचवलं.

उन्हाळ्यात काम संपवून बाई कायमच्या निघाल्या. निरोप घेताना मला राहवलं नाही. रडत सगळं कबूल केलं.

"माहीत आहे," त्या म्हणाल्या. "तुमच्या दाराचं भिंग काळं झालं होतं, मागे कुणीतरी उभं होतं. घरं फोडली त्या रात्री ज्यू शेजारणीने माझ्या आजीचीही बेल वाजवली होती. आजी दाराआड उभी राहिली. ती वाईट बाई नव्हती."

आणि त्यांनी मला मिठी मारली. त्यापेक्षा चार शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.