कोपऱ्यातली चौकट

वर्षातून एक दिवस बाबा इस्त्रीचा शर्ट घालून टीव्हीसमोर बसत. तो दिवस अर्थसंकल्पाचा. मंत्री दोन तास बोलत आणि पडद्याच्या कोपऱ्यातल्या चौकटीत बाबांची लेक ते भाषण खुणांच्या भाषेत सांगे. बाबा जन्मापासून बहिरे. मंत्र्यांशी त्यांना काही देणंघेणं नव्हतं. "एरवी धावतपळत येते, दोन खुणा करते की चालली. त्या दिवशी सलग दोन तास माझ्याशी बोलते," असं ते मित्रांना हातांनी सांगत. कळतं का काही, असं कुणी विचारलंच तर म्हणत, "निम्मंसुद्धा नाही. शहाण्या खुणा असतात तिच्या."

तिला कामावर सगळे 'चौकट'च म्हणत.

आईही बहिरी होती. लोकांना वाटे, काय शांत घर असेल! शांत कसलं? भांडी आदळत, एकमेकांना हाक मारायची तर जमिनीवर पाय आपटायचे, आणि खालची काकू भांडायला वर आली की तिचं ऐकून घ्यायला घरात कान असलेलं माणूस एकच, ही चिमुरडी. झोपताना मात्र सगळं थांबे. अंधारात हात दिसत नाहीत. दिवा गेला की बोलणं गेलं. म्हणून बटणाला हात लावण्याआधी आई एक खूण करी. हनुवटीखाली तळवा आडवा धरून तो हळूच खाली आणायचा आणि भुवया उंचवायच्या. झालं बोलून? मुलगी दोन बोटांची चिमूट धरून दाखवी: अजून थोडं. ही खूण कुठल्या पुस्तकात नव्हती. त्या घराचीच होती ती, आणि आई गेल्यापासून कुणी केली नव्हती.

बाबा सरकारी कार्यशाळेत वेताच्या खुर्च्या विणत. कारागीर सगळे बहिरे. कचेऱ्यांच्या खचलेल्या खुर्च्या तिथे येत आणि नव्या होऊन जात, पण अगदी सावकाश. कारण विणणारे हात बोलू शकत नाहीत. गप्पा मारायच्या तर वेत खाली ठेवावा लागतो, आणि गप्पा तर हव्यातच! सरकारच्या दृष्टीने सगळा मामला चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला. बाबांच्या दृष्टीने मात्र अख्ख्या शहरात मनमुराद बोलायची तेवढी एकच जागा होती. ती गेली तर ते दिवसभर भिंतीकडे बघत बसतील, हे लेकीला ठाऊक होतं. यंदा सरकार हात आखडता घेणार, अशी कुणकुण होतीच.

"कर म्हणजे सगळ्यांच्या ताटातून एकेक घास, असं तूच सांगितलंस ना?" भाषणाच्या आदल्या रविवारी बाबांनी विचारलं. "मग तो घास जातो कुणाच्या ताटात?"

"ज्याला लागतो त्याच्या."

"आम्हाला लागतो."

"बाबा, भाषण मी लिहीत नाही हो."

"माहीत आहे. पण सांगणार तूच."

भाषणाच्या दिवशी टीव्ही केंद्राच्या काचेच्या खोलीत दिवे कोमट पाण्यासारखे अंगावर सांडत होते. मंत्र्यांचा आवाज कानात लांबून येत होता, शेजारच्या घरात कुणीतरी वाचत बसल्यासारखा. रस्ते गेले, धरणं गेली, कागद स्वस्त झाला, लोखंड महागलं. हळूहळू हात तिचे राहिलेच नाहीत. ते आपले आपण तरंगत होते आणि ती नुसती बघत होती. कान नेहमी एक वाक्य पुढे असत, हात एक वाक्य मागे. हातांत बंदरं चालली होती तेव्हा कानात पडलं, 'खर्चाच्या मानाने उत्पन्न नसलेल्या लहान सरकारी कार्यशाळा वर्षअखेर बंद करण्यात येतील.'

घरी बाबा अजून जहाजंच बघत होते. तिने ती जरा सावकाश चालवली. बंदराबाहेर काढली, पार क्षितिजापर्यंत नेली. त्यापुढे नेणार कुठे?

'बंद'ची खूण सोपी आहे. दोन तळवे दारासारखे मिटायचे, बस्स. तिने हात उचलले. आणि उजवा तळवा आपसूक हनुवटीखाली गेला, आडवा झाला, हळूच खाली आला. भुवया उंचावल्या.

झालं बोलून?

मंत्री पाणी प्यायला थांबले होते. तेवढा वेळ ती सगळ्या देशासमोर आईचा चेहरा घेऊन उभी होती.

"ती कुठली खूण होती?" कार्यक्रमप्रमुखाने बाहेर विचारलं.

"घरची."

"तक्रार आली तर?"

"येऊ दे," ती म्हणाली, आणि दारामागे जाऊन पोटभर रडली.

संध्याकाळी ती बाबांच्या घराकडे वळली. बाबा अंधारात बसले असतील, असं तिने धरूनच ठेवलं होतं. पण घराच्या सगळ्या खिडक्या उजळल्या होत्या, न्हाणीघराचीसुद्धा. जिन्यात काकू भेटली. "अगं, काय दणदण चाललीय वर! वीजबिल कोण भरणार, सरकार?"

दार सताड उघडं होतं. आत अख्खी कार्यशाळा जमली होती. कुणी पलंगावर, कुणी खिडकीत, आणि हात नुसते उडत होते. ती दिव्यांच्या बटणांपाशी थबकली.

"बाबा, आज मला नीट सांगता आलं नाही," तिने खुणेने सांगितलं.

"आजच तर सगळं कळलं," बाबा म्हणाले.

मग त्यांचं लक्ष तिच्या खांद्यामागच्या बटणाकडे गेलं. त्यांनी हात वर केला आणि दोन बोटांची चिमूट धरून दाखवली.

अजून थोडं.