वेळेच्या आकारांचं शास्त्र

दवाखान्यात आम्ही रिपोर्टची वाट बघत बसलो होतो. समोरचे एक आजोबा संत्रं सोलून शेजारच्या आजींच्या तळहातावर एकेक फोड ठेवत होते. माझी धाकटी बहीण सुमन ते टक लावून बघत होती. केमोथेरपीनंतर तिच्या डोक्यावर आता कुठे बारीक केस उगवले होते.

"ताई, मी एक नवं शास्त्र काढलंय," ती म्हणाली. "वेळेच्या आकारांचं. त्या दोघांचा वेळ बघ, कसा गोल आहे. आपला मात्र बोळासारखा. भिंतींना अंग घासतं नुसतं."

मी हसले, पण तिचा हात सोडला नाही. घड्याळ सगळ्यांना सारखाच वेळ देतं. त्याचा आकार मात्र शेजारी कोण बसलंय यावर ठरत असावा.

तेवढ्यात डॉक्टरांनी आत बोलावलं. रिपोर्ट चांगला होता. "आता एकदम सहा महिन्यांनी या," ते म्हणाले.

परतताना सुमनने रोपवाटिकेपाशी रिक्षा थांबवली आणि चिकूचं रोप निवडलं.

"याला फळं धरायला चार-पाच वर्षं लागतील, बाई," माळी म्हणाला.

"लागू देत की," ती म्हणाली आणि रोप मांडीवर घेऊन रिक्षात बसली.