खाकी कव्हर घातलेलं सुख

माझ्या प्रबंधात नवऱ्याचा हातभार काय, असं कुणी विचारलं की मी आधी म्हणते, कव्हरं. ऐकणारा हसतो. मीही हसून घेते आणि मग उरलेलं सांगते.

प्रबंधाचा विषय होता जुन्या अमेरिकन कादंबऱ्यांमधलं सुख, इच्छा आणि कल्पनाशक्ती. हे मी पुण्याच्या नातेवाइकांना सांगत नसे. 'इंग्रजीत करतेय काहीतरी' एवढ्यावर भागवायचे. लग्नात कुणीतरी विचारलंच, तेव्हा सासूबाईंनी परस्पर 'व्याकरण' असं सांगून टाकलं आणि मी त्यांची आजन्म ऋणी झाले.

नवरा वेल्डिंग तपासायचा. पाइपाला पाइप जोडला की तो जोड पक्का आहे की आत कुठे पोकळी राहिली आहे, हे बघणं त्याचं काम. तेलाचे दिवस ऐन भरात होते, अरबस्तानात मैलोगणती पाइप पडत होते आणि जोड तपासणारी माणसं मिळत नव्हती. त्याला हुफूफजवळच्या गॅस प्लांटवर नोकरी लागली, कंपनीनं शहरात दोन खोल्या दिल्या आणि मी लिखाण अर्धवट टाकून त्याच्यामागे गेले. घरी मी त्याला अहो-जाहोच करायचे, तेव्हा तशीच रीत होती. लिहिताना मात्र 'तो' म्हणणार. पीएच.डी. केल्यावर माणसाला एवढी मुभा असायला हरकत नाही.

मला मार्गदर्शन करणाऱ्या प्राध्यापक बाई कडक होत्या. पहिल्या सुट्टीत पुण्याला गेले तेव्हा त्यांनी माझी लिहिलेली प्रकरणं पुढ्यात ठेवली आणि म्हणाल्या, "सगळं आहे यात. कोण समीक्षक काय म्हणतो, कोण कुणाला खोडतो. पण सुखावर लिहितेस आणि तुला वाचताना कधी सुख झालं का, याचा कुठे पत्ता नाही." मी रडकुंडीला आले. बाईंनी चहा दिला, मुदतवाढ शेवटची आहे, पुढच्या वर्षी प्रबंध आला नाही तर नाव कटेल, हेही सांगितलं. मग स्वतःच्या कपाटातून सात-आठ पुस्तकं काढली. अमेरिकन समीक्षकांची, महागडी, समासात बाईंच्या पेन्सिलीच्या बारीक खुणा असलेली. "ही घेऊन जा. आणि परत आण," एवढंच म्हणाल्या. त्या पुस्तकांशिवाय प्रबंध पुरा होणं शक्य नव्हतं, आणि ती हरवली तर बाईंसमोर उभं राहणंही शक्य नव्हतं.

निघायच्या आदल्या दिवशी नवऱ्यानं ती पुस्तकं बघितली. तसाच बाहेर गेला आणि खाकी कागद, डिंक, लेबलं घेऊन आला. त्याच्या घरी शाळेची पुस्तकं वडील कव्हर घालून देत आणि कव्हराशिवाय पुस्तकाला हात लावणं म्हणजे उघड्या अंगानं बाजारात जाणं. सगळी दुपार तो जमिनीवर मांडी ठोकून बसला होता. कोपरे तिरके कापून आत दुमडायचे, पाठीवर कागद ताणायचा, वरून हाताच्या तळव्यानं दाबायचं. प्रत्येकावर लेबल लावलं आणि वळणदार अक्षरात माझं नाव, इयत्ता, विषय असं लिहिलं. इयत्तेपुढे त्यानं 'पीएच.डी.' लिहिलं. मला हसू आलं, पण खरं सांगते, त्या दिवशी मला तो फार आवडला.

दहरानच्या विमानतळावर लोणच्याची बरणी तपासणीतून सुटली, कव्हरं मात्र अडकली. तपासणाऱ्यानं एक पुस्तक उचललं. बाहेरून कोरा खाकी कागद, वर न वाचता येणारी लिपी. त्यानं कव्हर ओरबाडून काढलं तर आत मोठ्या इंग्रजी अक्षरांत 'इच्छा' असा शब्द आणि एका चित्रातली उघड्या खांद्यांची बाई. दुसरं सोललं, त्यावर 'सुख'. आता बोला! जगात सगळीकडे लोक वाईट पुस्तकांना कव्हरं घालतात, आणि आमच्याकडे चांगल्यांना घालतात, हे त्याला कसं समजावणार? नवऱ्यानं हातवारे करून प्रयत्न केला. शेवटी एक पावती मिळाली. पुस्तकं दम्मामच्या तपासणी कार्यालयात जातील, बोलावणं आलं की या.

आमच्या शेजारी रत्नागिरीकडच्या एक भाभी राहायच्या. त्यांच्या यजमानांचं बाजारात कापडाचं दुकान होतं आणि भाभींना सगळ्या हुफूफची खबर असायची. त्यांनी ऐकलं आणि कपाळावर हात मारला. "अगो, सोड त्या किताबांचा नाद! घोवाच्या इकाम्यावर आलीस ना तू? त्याच्या कफीलच्या कानावर गेला तं दोघांचा खलास!"

इकामा म्हणजे राहण्याचा परवाना आणि कफील म्हणजे ज्याच्या जबाबदारीवर तो मिळतो तो अरब मालक; भाभी घाबरवायला बोलत नव्हत्या, खरंच तसं होऊ शकत होतं. त्या दिवशी जेवताना मी नवऱ्याला म्हटलं, "राहू द्या पुस्तकं. बाईंना कळवते, काय ते होईल." भात कालवता कालवता तो म्हणाला, "बोलावणं आलंय. पुढच्या आठवड्यात जायचं. ते विचारतील पुस्तकांत काय आहे. मला काय सांगायचं ते सांग."

हा माणूस आयुष्यात एक कादंबरी पुरी वाचलेला नव्हता. मी त्याला शिकवायला बसले. सोपं आणि सुरक्षित उत्तर तयार केलं: या कादंबऱ्यांत ज्याला काही हवंसं वाटतं त्याचं शेवटी वाटोळं होतं, म्हणजे पुस्तकं नीतीचीच आहेत. त्यानं ते दोनदा म्हणून दाखवलं. मला मात्र ते पटत नव्हतं, कारण माझा सगळा प्रबंध या मताच्या विरुद्ध होता. इच्छा आणि शिक्षा यांच्या मधल्या जागेत ही माणसं जे मनात रंगवतात, तेच त्यांचं सुख, आणि लेखकाला ते कुठे ठेवावं कळत नाही, असं मला म्हणायचं होतं.

"पण गोष्ट काय आहे?" तो म्हणाला. "गोष्ट नाही सांगितलीस."

मग एकेक गोष्ट सांगू लागले. संध्याकाळी तो कामावरून आला की चहा, खजूर आणि अमेरिका. भाभीही विणकाम घेऊन येऊन बसायच्या. एका कादंबरीतली विधवा दोघांना फार आवडली. ती अख्खा हिवाळा एका पाहुण्याची वाट बघते. त्याला कुठे बसवायचं, कुठल्या बशीत काय द्यायचं, तो काय म्हणेल, आपण काय म्हणू. "मग? आला तो मेला?" भाभी विचारायच्या, आणि मी मुद्दाम ताणायचे. विद्यापीठात मी या विधवेवर पानंच्या पानं लिहिली होती. पण तिची गोष्ट सांगताना माझा आवाज चढतोय, हात हलताहेत, हे मला तिथे पहिल्यांदा जाणवलं. मला मजा येत होती. शेवटचा भाग सांगायच्या आधीच बोलावण्याचा दिवस उजाडला.

दम्मामच्या कार्यालयातला अधिकारी मध्यमवयीन होता, चष्मेवाला, इंग्रजी अगदी अमेरिकन वळणाचं. तिकडे शिकून आला होता, हे त्यानंच सांगितलं. मी काळा अबाया घालून भिंतीकडच्या खुर्चीत बसले. परक्याच्या बायकोशी थेट बोलायचं नाही, हा तिथला शिष्टाचार. त्यामुळे तो सगळं नवऱ्यालाच विचारत होता आणि माझ्याकडे चुकूनही बघत नव्हता.

"कव्हरं का?" पहिला प्रश्न.

नवऱ्यानं त्याच्या वडिलांपासून सांगितलं. अधिकाऱ्यानं लेबलावर बोट ठेवलं. हे काय लिहिलंय? नाव, इयत्ता, विषय. इयत्ता कुठली? "पीएच.डी.," नवरा गंभीरपणे म्हणाला. अधिकाऱ्याच्या मिशा हलल्या.

मग त्यानं एक पुस्तक उघडलं. त्यानं ते वाचलेलं दिसत होतं. या विधवेबद्दल इथे बरंच लिहिलंय, तो म्हणाला. पाहुणा आल्यावर ती काय करते?

नवऱ्याला नीतीचं उत्तर पाठ होतं, गोष्टीचा शेवट माहीत नव्हता. तो गोंधळून माझ्याकडे वळला आणि मराठीत म्हणाला, "काय करते गं ती?"

मी म्हटलं, "त्याला जेवायला वाढते आणि तो कधी जाईल याची वाट बघते."

नवऱ्यानं ते इंग्रजीत सांगितलं. अधिकारी त्याच्याकडे बघूनच म्हणाला, मग तुमच्या पत्नीचं म्हणणं असं का, की मिळण्यापेक्षा हवंसं वाटणं चांगलं? आणि नवऱ्यानं तो प्रश्न मला मराठीत विचारला. खोलीतल्या तिघांनाही इंग्रजी येत होतं. तरी आम्ही सगळे निमूटपणे तसंच करत राहिलो. अधिकारी इंग्रजीत विचारायचा, नवरा मराठीत विचारायचा, मी मराठीत सांगायचे, तो इंग्रजी करायचा. माझ्या विषयावर मी आजवर मराठीत चार वाक्यं बोलले नव्हते.

"नाही," मी म्हटलं. "त्यांना सांगा, चांगलं-वाईट नाही. आपण धरून चालतो की इच्छा म्हणजे एक तर पाप, नाही तर पुढे मिळणाऱ्या गोष्टीची तयारी. पण तिचा तो हिवाळा खोटा नव्हता. ती तेव्हा सुखात होती. ते सुख कुणी हिशेबातच धरत नाही." मला वाटलं नवरा आता पाठ केलेल्या नीतीवर येईल. मी त्याला डोळ्यांनी खुणावलंही.

त्यानं माझं उत्तर सांगितलं. अडखळत सांगितलं, पण काही गाळलं नाही. आणि मग स्वतःचं बोलायला लागला. "साहेब, आमच्या प्लांटच्या कॅम्पात कोकणातले फिटर आहेत. एकेकटे राहतात. रोज दुपारी जेवताना घरं बांधतात, तोंडानं. एकाची पडवी पूर्वेला होती, ती त्यानं पश्चिमेला नेली. विहीर दोनदा हलवली. सुट्टीवर जाऊन आलेला माणूस एवढा खूश नसतो जेवढा पडवी हलवताना असतो. मी रोज बघतो. त्याला काय म्हणायचं मला माहीत नव्हतं. माझी बायको त्याच्यावरच लिहितेय." थोडं थांबून म्हणाला, "आणि लिहिताना ती सुखात असते. ते मला घरात हवंय. पुस्तकं देता आली तर बघा."

मी मान खाली घातली. अबायाच्या टोकानं डोळे पुसले, तेवढी त्या कपड्याची सोय होती.

अधिकाऱ्यानं उठून कपाटातून बाकीची पुस्तकं आणली. चित्रातल्या बाईच्या खांद्यांवर काळ्या शाईची शाल पांघरली गेली होती, आत एका अक्षराला हात लावलेला नव्हता. घेऊन जा म्हणाला. फक्त एक अट, रस्त्यावरून नेताना वरची नावं कुणाला दिसता कामा नयेत. त्यानं शिपायाला हाक मारून खाकी कागद मागवला.

नवऱ्यानं तिथेच सरकारी टेबलावर सगळ्या पुस्तकांना पुन्हा कव्हरं घातली. अधिकारी शेजारी उभा राहून बघत होता. कोपरा तिरका का कापायचा, हे त्यानं विचारून घेतलं.

गाडी हुफूफच्या रस्त्याला लागल्यावर मी म्हटलं, "शेवटचं ते मी नव्हतं सांगितलं."

"ते माझं होतं," तो म्हणाला.

भाभींना विधवेचा शेवट सांगितला तेव्हा त्या चिडल्या. एवढी वाट बघून हे काय, म्हणाल्या. मग म्हणाल्या, पहिल्यापासून परत सांग. त्या वर्षी मी सगळी प्रकरणं नव्यानं लिहिली. आधी मराठीत मोठ्यानं बोलायचे, स्वयंपाकघरात, एकटीच, नवऱ्यानं पुढे कुणाला तरी सांगावं म्हणून सांगतेय अशी. मग इंग्रजी करायचे. बाईंची पुस्तकं परत नेऊन दिली. त्यांनी नवी प्रकरणं वाचली आणि मानेनंच 'हो' म्हणाल्या. बाईंकडून एवढं मिळणं म्हणजे हत्तीवरून साखर.

तोंडी परीक्षेला नवरा येऊ शकला नाही, प्लांटचं काम अडलं होतं. बाहेरच्या परीक्षकांनी तोच प्रश्न विचारला, मिळण्यापेक्षा हवंसं वाटणं चांगलं का? उत्तर द्यायच्या आधी माझी मान आपोआप डावीकडे वळली, जिथे दम्मामला तो बसला होता. तिथे रिकामी खुर्ची होती. मग मी परीक्षकांकडे बघून सावकाश सांगितलं, पडवीसकट.

परतताना पुन्हा दहरानला बॅग उघडली गेली. प्रबंधाची बांधलेली प्रत वरच होती. तिला खाकी कव्हर होतं. या वेळी मी स्वतः घातलेलं, त्याला दाखवायला. काचेपलीकडे नवरा उभा होता. त्यानं ते कव्हर बघितलं आणि दोन्ही हात डोक्याला लावले.

तपासणाऱ्यानं कव्हर वर करून आत पाहिलं, मग मला पाहिलं. "कुणाचं पुस्तक हे?" त्यानं इंग्रजीत विचारलं. सरळ मलाच.

"माझं," मी इंग्रजीत म्हटलं. "मी लिहिलंय."

त्यानं पानं भरभर उलटली, कव्हर होतं तसं बसवलं आणि बॅगेवर खडूनं फुली मारून ती पुढे ढकलली. बाहेर आल्यावर नवऱ्यानं बॅग घेतली नाही, आधी प्रबंध घेतला. पुढून, मागून बघितला. लेबलावरून अंगठा फिरवला. त्याचे डोळे भरले होते आणि ते मला कळू नये अशी त्याची खटपट चालली होती.

"कोपरे कच्चे आहेत," तो म्हणाला. "घरी गेल्यावर मी नीट घालून देतो."