हिरव्या पट्ट्याच्या बाहेरून

"वाट दिसली की सोडायची, मॅडम."

आठ वर्षांत आमच्या हवालदारांकडून हे वाक्य मी किती वेळा ऐकलं त्याचा हिशोब नाही. वर त्यांची चालण्याची तऱ्हा अशी की वाक्य ऐकलं नसतं तरी कळलं असतं. इथे आखातात, मुसफ्फ्यातल्या आमच्या फॅब्रिकेशन यार्डात गेटपासून कॅन्टीनपर्यंत सिमेंटचा हिरवा रंगवलेला पट्टा आहे. माणसांनी त्यावरून चालायचं, उरलेली जागा फोर्कलिफ्टची आणि ट्रेलरची. साधी गोष्ट आहे. सगळं यार्ड त्या पट्ट्यावरून चालायचं आणि आमचे हवालदार पट्ट्याच्या दोन फूट बाहेरून, वाळूतून. पट्टा वळला की तेही वळायचे, पण बाहेरूनच. तुम्ही पाहिलं असतं तर म्हणाला असतात, रंग ओला आहे वाटतं.

ते आमच्या गेटवरच्या सिक्युरिटीचे इन-चार्ज. साताऱ्याकडचे. फौजेतून हवालदार म्हणून रिटायर झाले आणि इथे आले. पासपोर्टवर त्यांचं नाव होतंच, पण पठाण ड्रायव्हरपासून फिलिपिनो रिसेप्शनिस्टपर्यंत सगळे त्यांना हवालदारच म्हणायचे. मी वसईची, ऑफिसात एचआर आणि अ‍ॅडमिन दोन्ही माझ्याच गळ्यात. यार्डात मराठी बोलणारे आम्ही दोघंच, त्यामुळे ते रोज सकाळी हजेरीचा कागद द्यायला वर यायचे आणि बुटांतली अर्धी वाळू माझ्या कार्पेटवर सांडून जायचे.

"हवालदार, तो पट्टा काय शोभेला काढलाय का?" मी खेकसायचे.

"ऱ्हाऊ द्या मॅडम, झाडतो मी," म्हणायचे, आणि खरंच कोपऱ्यातला झाडू घेऊन झाडायचे. अशा माणसावर रागवायचं तरी किती?

माझ्या सेंटवर मात्र त्यांचा राग होता. एकदा मला म्हणाले, "तुमचा वास गेटपातुर येतोय. तिकडं असता तर आमची आख्खी तुकडी गावली असती." तिकडं म्हणजे श्रीलंकेत. आपलं सैन्य तिथे गेलं होतं तेव्हा हे वीस वर्षांचे होते. जंगलात गस्तीला निघायच्या दोन दिवस आधीपासून साबण बंद, तेल बंद, बिडी बंद. वाऱ्यावर वास गेला की समोरच्याला आपण कुठे आहोत ते कळतं. मी म्हटलं, मुसफ्फ्यात समोर वेल्डिंगचं वर्कशॉप आहे, तिथे कोण वास घेत बसलंय. ते हसले. पण दुसऱ्या दिवसापासून हजेरीचा कागद दारातूनच द्यायला लागले.

जेवताना त्यांच्या चमच्याचा आवाज व्हायचा नाही. जमिनीवर पडलेली वस्तू ते लगेच उचलायचे नाहीत, मग ते स्वतःचं पेन का असेना. आधी बघायचे, मग बुटाने लांबून जरा ढकलायचे, मग उचलायचे. पोरं मुद्दाम त्यांच्यासमोर की-चेन टाकून गंमत बघायची. त्यांनाही ते माहीत होतं, तरी ते वाकायचे नाहीत.

लढाईबद्दल आपणहून कधी बोलले नाहीत. विचारलं तर सांगायचे, तेही रेशनबद्दल सांगावं तसं. शक्करपारे आणि चणे खाऊन सात सात दिवस चालायचं. बूट काढायचे नाहीत, कारण काढले तर सुजलेले पाय परत आत जात नाहीत. जळवा ओढायच्या नाहीत, मीठ लावायचं. झाडी अशी दाट की तीन हातांवरचा आपलाच माणूस दिसत नाही, म्हणून पुढच्याच्या पाठीवरचं ओझं बघत चालायचं. "लढाई डोळ्यांनी बघितलीच न्हाई मी," म्हणायचे. "कानांनी ऐकली सगळी." सुट्टीवर गावी गेले तेव्हा म्हाताऱ्यांनी पारावर बसवून विचारलं, लंकेत सोनं बघितलंस का रे? यांनी सांगितलं, चिखल बघितला. म्हातारे नाराज झाले.

आणि वाटा. समोरचे तमिळ बंडखोर वाटेत सुरुंग पुरायचे. पायवाट, बैलगाडीची चाकोरी, विहिरीकडे जाणारी वाट, जिथे माणसाचं पाऊल पडणार तिथे. म्हणून यांना शिकवलं होतं की वाट दिसली की सोडायची आणि झाडीतून जायचं, काटे लागले तरी चालतील. वीस वर्षांच्या पायांना एकदा शिकवलेलं, ते पाय आता सत्तावन्न वर्षांचे होते. घरी मी हे जेवताना सांगितलं तर माझी लेक फोनमधून मान वर न करता म्हणाली, "मम्मा, दॅट्स ट्रॉमा. ही नीड्स अ थेरपिस्ट." म्हटलं, बाई गं, मुसफ्फ्याच्या गेटवर थेरपिस्ट कुठून आणू, तिथे पाण्याचा टँकर वेळेवर येत नाही.

हे सगळं चाललं असतं. त्यांचे चारच महिने राहिले होते. साठीपर्यंत थांबायचं नव्हतं त्यांना, कॉन्ट्रॅक्ट संपलं की गावी जायचं ठरलेलं. तेवढ्यात आमच्या मोठ्या क्लायंटने हट्ट धरला म्हणून कंपनीने नवा सेफ्टी ऑफिसर आणला. कुमरन त्याचं नाव. तिशी ओलांडलेला, शिडशिडीत, शर्टाची इस्त्री कधी न मोडणारा. श्रीलंकेचा तमिळ. पहिल्याच आठवड्यात त्याने नियम लावला: पट्ट्याबाहेर चालताना दिसला तर लेखी वॉर्निंग. दोन वॉर्निंगांमध्ये सुधारायला दहा दिवस, आणि तीन झाल्या की कॉन्ट्रॅक्ट खलास, मग तो मजूर असो की मॅनेजर.

पहिली वॉर्निंग कोणाला मिळाली ते सांगायला नकोच. पत्र मीच टाईप केलं. हवालदारांनी वाचलं, खिशातून चष्मा काढून परत वाचलं आणि सही केली. दहा दिवसांनी दुसरं पत्र. या वेळी सही करताना त्यांचा हात जरा थांबला.

"मॅडम, आणि एक आलं की काढतील ना मला?"

"काढतील. आणि फाईलवर तसं लिहितील."

"फौजेतून चोवीस वर्षांनी निघालो तेव्हा साहेबानं गेटपातुर सोडायला माणूस दिला होता," ते म्हणाले. "हितनं काढलेला माणूस म्हणून गावी जाऊ काय?"

मला वाईट वाटलं आणि रागही आला. म्हटलं, मग चाला ना त्या मेल्या पट्ट्यावरून. ते म्हणाले, "बघा तर." मी खिडकीतून बघत राहिले. खाली जाऊन त्यांनी एक पाय पट्ट्यावर ठेवला. उभे राहिले. दुसरा उचलला, हवेत तसाच धरला आणि परत वाळूत टेकवला. पाठीमागून येणारी पोरं बाजूने निघून गेली. हा नाटकाचा प्रकार नव्हता हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं.

दुपारच्या सुट्टीत मी त्यांच्या गेटवरच्या केबिनमध्ये गेले. चहा ओतून दिला त्यांनी. मी सरळ विचारलं, नुसत्या शिकवण्याने एवढं होतं का?

थोडा वेळ त्यांनी ट्रकच्या नोंदी चाळल्या. मग सांगितलं. लंकेतल्या एका गस्तीत ते स्काउट होते, म्हणजे रांगेत सगळ्यात पुढचा माणूस. सहावा दिवस होता, पायांची सालं निघालेली. झाडीतून जाताना एक गावकरी भेटला. डोक्यावर तांदळाचं गाठोडं. त्याचं घर पुढच्या वस्तीत. पायवाट दाखवून तो खुणेनं म्हणाला, रोज जातो याच वाटेनं, काही नाही, या माझ्यामागून.

"पुढं मी चालायचं होतं मॅडम. ते काम माझं होतं. पण पाय लई दुखत होते. म्हटलं, रोजचा जाणारा माणूस हाय, जाऊ दे पुढं." चहाचा कप त्यांनी खाली ठेवला. "वीसेक पावलं गेला असंल. मला काय झालं न्हाई. कानात आठ दिवस शिट्टी वाजत ऱ्हायली. संध्याकाळी थांबलो तवा माझ्या कापडावर तांदळाचे दाणे होते. ते येचत बसलो."

दोन्ही कप विसळून ठेवले आणि मी वर आले.

संध्याकाळी मी कुमरनच्या टेबलाशी जाऊन उभी राहिले. विनवायलाच गेले होते, पण मला विनवता येत नाही, भांडताच येतं. म्हटलं, चार महिन्यांसाठी म्हाताऱ्या माणसाच्या मागे का लागलास? आणि बोलता बोलता जे बोलायचं नव्हतं ते बोलून गेले. हवालदारांनी त्याला कधी सांगितलं नव्हतं, ते मी सांगितलं, की हा माणूस तुझ्याच देशात लढलाय, तुमच्या वाटांत पेरलेल्या सुरुंगांमुळे असा चालतो. तांदळाची गोष्ट तेवढी सांगितली नाही. ती सांगायचा हक्क मला नव्हता.

कुमरनने पेनाचं टोपण काढलं, परत लावलं. मला वाटलं, घातला घोळ. मुदतही न बघता उद्याच तिसरं पत्र टाईप करायला सांगणार हा.

"तेव्हा माझा जन्म नव्हता," तो इंग्रजीत म्हणाला. "त्या दिवसांचं आमच्या घरी कोणी बोलत नाही." आणि मग म्हणाला, "पण मॅडम, मला शाळेत उलटं शिकवलं."

त्याच्या लहानपणी नंतरच्या लढाया झाल्या आणि गावाभोवतीची सगळी जमीन सुरुंगांनी भरली. मग साफ करणारे लोक आले. त्यांनी एक चिंचोळी वाट साफ केली आणि दोन्ही बाजूंना लाल काठ्या ठोकल्या. शाळेत बाई रोज घोकून घ्यायच्या: काठ्यांच्या आत चालायचं, बाहेर पाऊल टाकायचं नाही. त्याचा चुलतभाऊ शेळीमागे बाहेर गेला. "दोन फूट," कुमरनने टेबलावर हातांनी अंतर दाखवलं. "तो जिवंत आहे. पण सेफ्टीची नोकरी मी का धरली ते समजून घ्या. तुमचे हवालदार रोज सकाळी दोन फूट बाहेरून चालतात आणि मी रोज सकाळी त्यांचं प्रत्येक पाऊल मोजत बघतो."

मी परत येऊन जागेवर बसले. एकाच जमिनीतल्या त्याच सुरुंगांनी एकाला शिकवलं वाटेवर पाय ठेवू नकोस आणि दुसऱ्याला शिकवलं वाटेबाहेर ठेवू नकोस, आणि दोघांची गाठ घालायला देवाला मुसफ्फाच सापडलं. त्या शुक्रवारी चर्चमध्ये मी त्या देवाला याबद्दल चार शब्द सुनावले.

सोमवारी सकाळी हजेरी लावून हवालदार गेटमधून निघाले तर पट्ट्याच्या तोंडाशी कुमरन उभा. हातात वॉर्निंगचं पॅड नव्हतं. मी जिना उतरून खाली धावले, कारण भांडण झालं तर मिटवणारं कोणी हवं, आणि भांडण लावलं होतं मीच.

भांडण नव्हतं. कुमरन त्याच्या मोडक्या हिंदीत म्हणत होता, "अंकल, मॅडमने बताया. कोई बात नहीं. मैं आगे चलता. जहाँ मेरा पैर, उधर ही आपका पैर. मैं आगे, आप पीछे. ठीक?"

आणि तो पट्ट्यावर चढून पाठ करून उभाही राहिला.

हवालदारांचा चेहरा मी आठ वर्षांत तसा पाहिला नव्हता. रंगच उतरला. त्यांनी पुढे होऊन कुमरनचा दंड धरला, चांगला घट्ट, इस्त्री मोडेपर्यंत, आणि त्याला मागे ओढलं.

"नहीं," म्हणाले. "तू पुढे नाही." हिंदी आणि मराठी दोन्ही एकत्र झालं. "आगे मैं. तू मेरे पीछे. पैर पे पैर रख के. समझा?"

कुमरनला कारण समजलं नसणार. पण त्याने मान हलवली.

हवालदारांनी पट्ट्यावर उजवा पाय ठेवला. मग डावा. सकाळचे सात वाजले होते आणि त्यांच्या शर्टाची पाठ भिजून काळी झाली होती. ते प्रत्येक पावलाआधी जमीन बघत होते, आणि मागून कुमरन, आपला साहेबी रुबाब बाजूला ठेवून, त्यांच्या बुटाच्या ठशावर बूट ठेवत होता. वीसेक पावलांवर हवालदार थांबले. हाताने मागच्याला थांबायची खूण केली. कुमरन थांबला. फोर्कलिफ्टवाल्याने इंजिन बंद केलं, का ते त्यालाही सांगता आलं नसतं. माझ्या डोळ्यांना धार लागली होती आणि ती पुसायची मला शुद्ध नव्हती.

मग ते पुढे चालले. वळण आलं, तिथे पट्ट्यावरूनच वळले. कॅन्टीनच्या पायरीशी पोचल्यावर त्यांनी हात टेकून कठडा धरला आणि मागे वळले. कुमरनच्या तोंडाकडे त्यांनी पाहिलंच नाही. खाली वाकून त्याचे पाय बघितले, आधी एक, मग दुसरा.

"आलास?" त्यांनी विचारलं.

त्याला मराठी येत नाही. तरी तो म्हणाला, "आया, अंकल."