रोखलेला निकाल

नोकरीत मी कितीतरी गुन्ह्यांचे तपास केले, त्यातले बरेचसे विसरलो. आसेगावच्या त्या मुलीचे प्रकरण मात्र अजून मनातून जात नाही.

सत्तरच्या दशकातली गोष्ट. वाशिम तेव्हा अकोला जिल्ह्यात होते आणि मी त्या भागातल्या एका ठाण्यात फौजदार होतो. विद्यापीठाकडून लेखी तक्रार आली. एका विद्यार्थिनीने प्री-युनिव्हर्सिटीच्या गुणपत्रिकेत खाडाखोड करून रसायनशास्त्राच्या प्रात्यक्षिकाच्या १२ गुणांचे ४२ केले आणि त्यावर बी.एस्सी.ला प्रवेश मिळवला, असे त्यात होते. विद्यापीठाने तिला अपात्र ठरवून पहिल्या वर्षाचा निकाल रोखला होता. मेडिकलचा प्रवेश त्याच निकालावर अवलंबून, म्हणून तिच्या वडिलांनी नागपूरला हायकोर्टात अर्ज केला होता. मी बनावट दस्तऐवजाचा गुन्हा दाखल केला.

मुलगी वडिलांसोबत जबाबाला आली. वडील बौद्ध समाजातले शेतमजूर. घराण्यात कॉलेजात गेलेली ही पहिलीच.

"बारा गुण पाहून मी ऑफिसात गेली, साहेब," ती म्हणाली. "मोठ्या बाबूंनी कागद ठेवून घेतला. आठ दिवसांनी हा दुरुस्त केलेला दिला. मी त्याले पेन लावला नाही."

"पोरगी कायले खोटं बोलंल?" वडील म्हणाले.

मोठे बाबू म्हणजे कॉलेजचा हेडक्लार्क. त्याने साफ नाकारले. वीस वर्षांची नोकरी, स्वच्छ सदरा, शांत बोलणे. मी त्याच्यावर विश्वास ठेवला. हायकोर्टाने तपासाचा अहवाल मागवला होता. तेवढ्यात मला बाहेरगावी तीन आठवड्यांचा बंदोबस्त लागला. मुलगी काही अटकेत नाही, मग घाई कसली, असे म्हणून मी कागद तसेच ठेवून निघून गेलो.

परत आलो त्या दिवशी प्रयोगशाळेचा म्हातारा शिपाई ठाण्यात आला.

"परीक्षकानं सही केलेली मार्काची यादी आमच्या कपाटात हाय, साहेब. मोठे बाबू कालपासून कपाटाची चाबी मागून राह्यले. आजच चला."

पंच घेऊन आम्ही गेलो. यादीत तिच्या नावापुढे ४२ होते. क्लार्कने विद्यापीठाला पाठवलेली नक्कल मागवली, तीत १२. त्याला ठाण्यात बसवले, दोन्ही कागद पुढे ठेवले आणि कोऱ्या कागदावर ४२ लिहायला सांगितले. आवाजही चढवला नाही. तिसऱ्यांदा लिहिताना त्याने पेन खाली ठेवला.

"नक्कल करताना चुकलं. विद्यापीठाले कळवलं असतं तर नोकरीवर आलं असतं. मार्क तर तिचेच होते, मनून म्याच दुरुस्त केले."

"पोरीवर गुन्हा दाखल झाला, तेव्हा का बोलला नाहीत?"

त्याने जबाबावर सही केली.

अहवाल घेऊन मी स्वतः नागपूरला गेलो. तिचा निकाल ताबडतोब जाहीर करण्याचा आदेश झाला. पहिला वर्ग होता. पण मेडिकलच्या जागा चार दिवसांपूर्वीच भरल्या होत्या. वकिलांनी एका जागेसाठी विनवणी केली, पण उपयोग झाला नाही.

कोर्टाच्या व्हरांड्यात ती मला म्हणाली, "साहेब, हे आधी नसतं का झालं?"

"बंदोबस्त होता," मी म्हणालो.

"चाल माय, गाडी हुकंल," वडील तिला म्हणाले, आणि दोघे पायऱ्या उतरून गेले.

बऱ्याच वर्षांनी शिरपूरच्या बसथांब्यावर तिनेच मला ओळखले. शाळेत विज्ञान शिकवत होती. बोलण्यात राग नव्हता. माझ्या मुलांची चौकशी केली. मग म्हणाली, "दरवर्षी मेडिकलची यादी पेपरात येते ना, साहेब, ती मी पूर्ण वाचते. आपलं नाव नसते हे मालूम असते, तरी वाचते." मग तिची बस आली.

खरा दोषी सापडला की तपास संपला, असे आम्हाला शिकवले होते. ज्याच्यावर संशय घेतला त्याचे दिवसही आपल्याच हातात असतात, हे मला तिच्यामुळे कळले. पुढे विद्यार्थ्याचा कागद मी एक दिवसही पडून राहू दिला नाही. पण ते तीन आठवडे तिला परत देता आले असते तर, असे या वयातही वाटत राहते.